पियाजेंची दाई आणि न घडलेला प्रसंग

डी.एड. किंवा बी.एड. केलेल्या कोणालाही झाँ पियाजे हे नाव नवे नाही. मुलाच्या बुद्धीची वाढ चार टप्प्यांतून होते असे सांगणारे स्विस शास्त्रज्ञ म्हणून त्यांच्यावर परीक्षेत एक प्रश्न ठरलेला असतो. ते टप्पे पाठ करताना एक गोष्ट मात्र सहसा कुणी सांगत नाही. मुलांच्या मनाचा साठ वर्षे अभ्यास करणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या बालपणातली एक अगदी जुनी, अगदी स्पष्ट आठवण साफ खोटी होती. हे त्यांना वयाच्या पंधराव्या वर्षाच्या सुमारास कळले आणि पुढे त्यांनी ते स्वतःच लिहून ठेवले.

आठवण होती आयुष्याच्या दुसऱ्या वर्षातली. पॅरिसमधला शाँझेलिझे हा प्रशस्त रस्ता. छोटा झाँ बाबागाडीत बसला आहे, त्याला सांभाळणारी दाई गाडी ढकलते आहे. अचानक एक माणूस पुढे येतो आणि मुलाला पळवून नेऊ पाहतो. गाडीचा पट्टा कमरेला बांधलेला असल्यामुळे मूल चटकन निघत नाही. दाई जिवाच्या आकांताने मध्ये पडते. झटापटीत तिच्या चेहऱ्यावर ओरखडे उठतात. लोक जमतात. आखूड झगा घातलेला, हातात पांढरा दंडुका असलेला पोलीस येतो आणि तो माणूस पळ काढतो. हे सारे पियाजेंना डोळ्यांसमोर दिसत असे. दाईच्या चेहऱ्यावरचे ओरखडे दिसत. मेट्रो स्टेशनजवळची ती जागाही ते सांगू शकत.

यातले काहीही घडलेले नव्हते.

बनावट बखर पकडणारे वडील

पियाजेंचा जन्म ९ ऑगस्ट १८९६ रोजी स्वित्झर्लंडमधल्या न्यूशातेल या तळ्याकाठच्या गावी झाला. वडील आर्थर पियाजे मध्ययुगीन साहित्याचे प्राध्यापक आणि इतिहासाचे अभ्यासक. जुना कागद खरा की बनावट, हे पारखण्यात त्यांचा हातखंडा होता. न्यूशातेलच्या इतिहासात मोठा मान असलेली एक जुनी बखर मुळात पुष्कळ नंतर कुणीतरी रचलेली आहे, हे त्यांनी झाँच्या जन्माच्या सुमारासच दाखवून दिले. गावाचा अभिमान दुखावणारे हे काम होते, पण त्यांनी पुराव्याची बाजू सोडली नाही. पुढे न्यूशातेलला विद्यापीठ झाले तेव्हा त्याचे पहिले कुलगुरू तेच झाले.

आई रेबेका बुद्धिमान आणि प्रेमळ, पण मनाने अस्वस्थ असे. तिच्या आजारपणामुळे घरात ताण असायचा. त्या ताणापासून दूर जाण्यासाठी आपण लहानपणीच खेळ सोडून वडिलांसारखे गंभीर कामात शिरलो, असे पियाजेंनी आत्मचरित्रपर लेखनात नोंदवले आहे. या गंभीर कामाचा पहिला पुरावा १९०७ सालचा आहे. बागेत दिसलेल्या एका अर्धवट पांढऱ्या चिमणीवर त्यांनी पानभर टिपण लिहिले आणि ते निसर्गविज्ञानाच्या एका नियतकालिकात छापून आले. तेव्हा त्यांचे वय होते दहा-अकरा वर्षे.

मग ते गावातल्या निसर्गविज्ञान संग्रहालयात जाऊ लागले. संग्रहालयाचे प्रमुख पॉल गोदे हे शंख-शिंपल्यांचे जाणकार होते. मुलगा त्यांना शंखांवर चिठ्ठ्या चिकटवायला मदत करी आणि त्या बदल्यात ते त्याला हे शास्त्र शिकवीत. १९११ मध्ये गोदे वारले, तोवर मुलगा गोगलगायींवर शोधनिबंध लिहिण्याइतका तयार झाला होता. ते निबंध वाचून जिनिव्हाच्या संग्रहालयाने त्याला मृदुकाय प्राण्यांच्या विभागात नोकरी देऊ केली. ती नाकारावी लागली, कारण उमेदवाराची शाळा अजून संपायची होती.

दाईचे पत्र

याच सुमारास, झाँ पंधरा वर्षांचा असताना, आईवडिलांना जुन्या दाईचे पत्र आले. ती आता साल्व्हेशन आर्मीत, म्हणजे नगरच्या बूथ हॉस्पिटलमुळे आपल्याकडे परिचित असलेल्या मुक्तिफौजेत, दाखल झाली होती. नव्या आयुष्याला सुरुवात करताना तिला मागच्या चुकांची कबुली द्यायची होती. पॅरिसच्या त्या दिवशी मुलाला पळवायला कुणी आलेच नव्हते. सगळी हकीकत तिने रचली होती आणि चेहऱ्यावरचे ओरखडेही बनावट होते. मुलाला वाचवल्याबद्दल पियाजे कुटुंबाने तिला बक्षीस म्हणून एक घड्याळ दिले होते. तेही तिला परत करायचे होते.

सगळ्या गावाने मानलेली बखर खोटी ठरवणाऱ्या माणसाच्या घरात ही गोष्ट तेरा-चौदा वर्षे खरी म्हणून नांदली. यात वडिलांना दोष देता येणार नाही. समोर दाई होती, तिच्या चेहऱ्यावर ओरखडे होते, मूल सुखरूप होते. कोणते आईवडील अशा वेळी साक्षीपुरावे तपासत बसतील? पुढे घरात ही कथा सांगितली गेली आणि मुलाच्या कानावर पडत राहिली. ऐकता ऐकता मुलाने तिचे चित्र रंगवले आणि काही वर्षांनी ते चित्र आठवण म्हणून मनात पक्के बसले.

मेट्रो स्टेशनचा तपशील पाहा. पॅरिसची मेट्रो सुरू झाली जुलै १९०० मध्ये. पियाजेंच्या दुसऱ्या वर्षी, म्हणजे १८९७-९८ च्या सुमारास, शाँझेलिझेवर मेट्रोचे स्टेशन नव्हतेच. पुढे जिथे स्टेशन झाले ती जागा, एवढेच कदाचित त्यांना म्हणायचे असेल. पण खोट्या आठवणीत असे घडते खरे. पुढच्या काळातल्या खुणा मागच्या चित्रात सहज जाऊन बसतात आणि चित्र अधिक खरे वाटू लागते.

चुकीच्या उत्तरांचा अभ्यासक

१९१८ मध्ये पियाजेंनी मृदुकाय प्राण्यांवरच डॉक्टरेट मिळवली. नंतर ते झुरिकला गेले. तिथे ब्लॉयलर यांच्या मनोरुग्णालयात त्यांनी रुग्णांशी बोलण्याची पद्धत पाहिली. रुग्णाला त्याच्या शब्दांत बोलू द्यायचे आणि त्याच्या उत्तरातूनच पुढचा प्रश्न काढायचा, ही ती पद्धत.

१९१९ मध्ये ते पॅरिसला आले. बुद्धिमापन चाचणीचे जनक आल्फ्रेड बिने १९११ मध्येच निवर्तले होते. त्यांचे सहकारी तेओदोर सिमाँ यांनी पियाजेंना एक काम दिले. इंग्लंडमध्ये तयार झालेल्या तर्कचाचण्या पॅरिसच्या शाळकरी मुलांना देऊन त्यांचे प्रमाणीकरण करायचे, म्हणजे बरोबर उत्तरे मोजायची. काम कंटाळवाणे होते. पण पियाजेंचे लक्ष चुकीच्या उत्तरांकडे गेले. एकाच वयाची मुले एकाच पद्धतीने चुकत होती. झुरिकमध्ये पाहिलेली पद्धत वापरून ते मुलांना असे का वाटते, हे विचारू लागले. त्यांचे पुढचे सगळे काम या प्रश्नातून निघाले.

१९२१ मध्ये एदुआर क्लापारेद यांनी त्यांना जिनिव्हाच्या रूसो इन्स्टिट्यूटमध्ये बोलावले. तिथे त्यांनी सुमारे आठ महिने सबीना श्पिलराइन या मनोविश्लेषक डॉक्टरांकडून स्वतःचे मनोविश्लेषणही करून घेतले. बालपणीच्या आठवणी हा मनोविश्लेषणाचा कच्चा माल. तो माल किती भेसळीचा असू शकतो, हे पियाजे स्वानुभवाने जाणत होते. फ्रॉइड यांनीही १८९९ मध्येच लिहून ठेवले होते की लहानपणच्या म्हणून वाटणाऱ्या आठवणी पुष्कळदा नंतरच्या वयात घडवल्या जातात.

१९२३ मध्ये पियाजेंनी व्हॅलेंतीन शातने यांच्याशी विवाह केला. जॅकलीन, ल्युसिएन आणि लोराँ ही त्यांची तीन मुले म्हणजे जगातली बहुधा सर्वांत बारकाईने टिपून ठेवलेली बाळे. बाळासमोर खेळणे ठेवायचे, त्यावर कापड टाकायचे आणि बाळ ते शोधते की विसरते ते पाहायचे. अशी शेकडो निरीक्षणे पियाजे पती-पत्नींनी तारीखवार लिहिली. त्यातून १९३६, १९३७ आणि १९४५ अशी तीन पुस्तके तयार झाली.

१९४५ च्या पुस्तकाचा विषय होता मुलांचे खेळ, अनुकरण आणि स्वप्ने. समोर नसलेली गोष्ट मनात उभी करण्याची क्षमता मुलाला कशी येते, हे त्यात मांडले आहे. ही क्षमता साधारण दीड-दोन वर्षांच्या पुढे, भाषेच्या बरोबरीने फुलते. याच पुस्तकात पियाजेंनी दाईची हकीकत दिली. लहानपणी ऐकलेली आणि आईवडिलांचा विश्वास असलेली गोष्ट आपण दृश्याच्या रूपात भूतकाळात नेऊन ठेवली, असा निष्कर्ष त्यांनी काढला. आपल्या पुष्कळशा खऱ्या आठवणीही अशाच दुसऱ्यांच्या सांगण्यातून बनलेल्या असणार, असेही ते म्हणाले. तेव्हा ते पन्नाशीला आले होते. प्रसंग खोटा आहे हे कळून तीस वर्षांहून अधिक काळ लोटला होता. तरीही तो त्यांना दिसतच होता. खोटेपणा कळला म्हणून चित्र पुसले जात नाही.

आठवण साठवली जात नाही, रचली जाते

पुढे बार्बेल इनहेल्डर या सहकारी विदुषीबरोबर पियाजेंनी स्मृतीवर प्रयोग केले. १९६८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या पुस्तकातला एक प्रयोग साधा आहे. तीन ते आठ वर्षांच्या मुलांना लहानापासून मोठ्यापर्यंत क्रमाने लावलेल्या दहा काड्या दाखवल्या. आठवड्याने त्या आठवून काढायला सांगितल्या. लहान मुलांना क्रम जमला नाही. कुणी दोन उंचींच्या काड्या काढल्या, कुणी सगळ्या सारख्या. सहा-आठ महिन्यांनी काड्या पुन्हा न दाखवता चित्र पुन्हा काढून घेतले. बऱ्याच मुलांची चित्रे आता आधीपेक्षा बरोबर आली. मधल्या काळात मुलांना क्रम ही कल्पना समजू लागली होती आणि त्या समजेने जुनी आठवण दुरुस्त झाली होती. नंतर इतरांनी हा प्रयोग केला तेव्हा इतका ठळक फरक नेहमीच आढळला नाही. पण दर वेळी आठवताना मेंदू आजच्या समजुतीच्या आधाराने जुनी गोष्ट नव्याने रचतो, हा मुद्दा स्मृतिविज्ञानात आता सर्वमान्य आहे.

मोठेपणी बहुतेकांना आठवणारा पहिला प्रसंग साधारण तीन ते साडेतीन वर्षांच्या वयातला असतो. त्याआधीचे जवळजवळ सगळे पुसले जाते. याला शैशव-विस्मरण म्हणतात. स्मृती नोंदवणारा हिप्पोकॅम्पस हा मेंदूचा भाग त्या वयात अजून घडत असतो आणि प्रसंगाला बांधून ठेवणारी भाषाही पुरेशी नसते. तरीही ब्रिटनमधील संशोधकांनी २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका मोठ्या पाहणीत ६,६४१ लोकांपैकी सुमारे ३९ टक्के लोकांनी आपल्याला दोन वर्षांच्या किंवा त्याआधीच्या वयातले आठवते असे सांगितले. ८९३ जणांनी तर एक वर्षाच्या किंवा त्याआधीच्या वयातले सांगितले. हे लोक खोटे बोलत नव्हते. बारशाचा फोटो, आजीने सांगितलेला किस्सा आणि स्वतःची कल्पना यांचे मिश्रण त्यांना आठवण म्हणून दिसत होते.

अशी आठवण मुद्दाम पेरताही येते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टस यांनी १९९५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात २४ जणांना त्यांच्या बालपणीचे घरच्यांनी सांगितलेले तीन खरे प्रसंग दिले आणि चौथा खोटा: लहानपणी मॉलमध्ये हरवल्याचा. सुमारे चौथ्या हिश्शाच्या लोकांना तो पूर्ण किंवा अंशतः आठवू लागला. २००२ मधल्या दुसऱ्या एका प्रयोगात २० जणांना लहानपणचा त्यांचाच चेहरा चिकटवलेला, गरम हवेच्या फुग्यात बसल्याचा बनावट फोटो दाखवला. तीन मुलाखती होईतो निम्म्या लोकांना ती कधी न झालेली सफर थोडीफार आठवू लागली. आपण काय ऐकले किंवा पाहिले हे मेंदू जपतो, पण ते कुठून आले याची नोंद लवकर पुसट होते. पियाजेंच्या बाबतीत हेच झाले.

दवाखान्यात याचा काय संबंध?

पुष्कळ संबंध आहे. सरकारी रुग्णालयात आम्ही रोज रुग्णाची पूर्वहकीकत घेतो आणि त्यातला मोठा भाग रुग्णाच्या आठवणीपलीकडच्या वयातला असतो. लहानपणी फिट यायची, लहानपणी हृदयाला भोक होते, लहानपणी इंजेक्शनची रिअॅक्शन आली होती. रुग्ण हे खात्रीने सांगतो, कधी तो प्रसंग जसाच्या तसा वर्णन करतो. त्याने पाहिलेले किती आणि आईकडून ऐकलेले किती, हे त्यालाही ठाऊक नसते.

पेनिसिलिनचे उदाहरण घ्या. अनेक देशांतल्या नोंदींनुसार दर शंभरातले सुमारे दहा रुग्ण आपल्याला पेनिसिलिनची अॅलर्जी आहे असे सांगतात. पद्धतशीर तपासणी केली की त्यांतल्या नव्वद टक्क्यांहून अधिक लोकांना हे औषध चालते असे दिसते. काहींची अॅलर्जी काळाच्या ओघात गेलेली असते. काहींना लहानपणी आलेले पुरळ मूळ विषाणूच्या आजाराचे होते आणि दोष औषधाला मिळाला. घरात एकदा शिक्का बसला की तो आयुष्यभर टिकतो आणि साध्या, स्वस्त औषधाऐवजी महागडी आणि अधिक दुष्परिणामांची प्रतिजैविके द्यावी लागतात. म्हणून कुणी स्वतःच औषध घेऊन पाहू नये. ते जिवावर बेतू शकते. डॉक्टरांना एवढे सांगावे: औषध कोणते होते, वय काय होते, नेमके काय झाले, किती वेळात झाले आणि हे आपल्याला स्वतःला आठवते की कुणी सांगितले. शेवटचा प्रश्न आम्हा डॉक्टरांनीही न चुकता विचारायला हवा.

दुसरा संबंध अधिक नाजूक आहे. लहान मुलावर अत्याचार झाल्याचा संशय असतो तेव्हा मुलाची हकीकत हाच अनेकदा मुख्य पुरावा असतो. पियाजेंनी १९२६ च्या पुस्तकातच मुलांच्या उत्तरांचे प्रकार वेगळे केले होते. एक उत्तर मूल स्वतःच्या मनातून देते, दुसरे सुटका करून घ्यायला काहीतरी म्हणून देते, तिसरे रचून सांगते आणि चौथे विचारणाऱ्याच्या प्रश्नातूनच उचलते. हा चौथा प्रकार मोठ्यांच्या हातून घडतो. कॅलिफोर्नियातल्या मॅकमार्टिन बालवाडीच्या प्रकरणात मुलांना तेच तेच सूचक प्रश्न विचारले गेले. १९८३ पासून १९९० पर्यंत ते प्रकरण चालले, एकाही आरोपावर शिक्षा झाली नाही आणि त्या मुलांबाबत खरे काय घडले होते हे कळण्याची वाटही बंद झाली.

याचा अर्थ मुलांवर विश्वास ठेवू नये असा काढणे घातक ठरेल. मूल आपणहून, आपल्या शब्दांत सांगते तेव्हा त्यात तपशील थोडे असले तरी ते बहुधा भरवशाचे असतात. त्याचे म्हणणे शांतपणे ऐकावे, मग काय झाले एवढेच विचारावे, त्याचे शब्द लिहून ठेवावेत. कुणाचे नाव सुचवू नये, नातेवाइकांपुढे पुन्हा पुन्हा वदवून घेऊ नये. पॉक्सो कायद्यानुसार पोलिसांना कळवून पुढची विचारपूस प्रशिक्षित व्यक्तीवर सोपवावी. चिंतेपोटी विचारलेल्या दहा प्रश्नांनी खऱ्या घटनेची साक्षही गढूळ होऊ शकते.

घरातल्या घरात करण्यासारखे काम सोपे आहे. मुलाचे लसीकरणाचे कार्ड, डिस्चार्ज कार्ड, औषधाची रिअॅक्शन आलेली चिठ्ठी एका फाइलमध्ये तारखेसह ठेवावी. फोटोंवर साल आणि ठिकाण लिहावे. घरात आजी-आजोबा असतील तर आपल्या बालपणीच्या आजारांबद्दल त्यांना आत्ताच विचारून घ्यावे आणि उत्तरासमोर ते सांगणाऱ्याचे नावही लिहावे. एकाच आजाराबद्दल मामा आणि आत्या दोन वेगळ्या गोष्टी सांगतील. दोन्ही लिहून ठेवाव्यात.

पियाजे १६ सप्टेंबर १९८० रोजी जिनिव्हात वयाच्या ८४ व्या वर्षी निवर्तले. त्यांच्या विकासाच्या टप्प्यांवर पुढे खूप वाद झाला. मुलांना त्यांनी मानले त्याहून लवकर बऱ्याच गोष्टी कळतात, असे नंतरच्या प्रयोगांनी दाखवले. दाईची गोष्ट मात्र स्मृतीवरच्या पुस्तकांत आजही येते. मुलांच्या चुकीच्या उत्तरांकडे ते ज्या कुतूहलाने पाहत, त्याच कुतूहलाने त्यांनी स्वतःच्या खोट्या आठवणीकडे पाहिले आणि ती न लपवता पुस्तकात घातली. ते पत्र लिहायला दाईला तेरा-चौदा वर्षे लागली. आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी असे पत्र कधी येणार नाही. लहानपणचा एखादा प्रसंग खात्रीने सांगताना, हे मी पाहिले की ऐकले, एवढा प्रश्न आपला आपणच विचारायचा आहे.